सामाईक बांध

आमच्या आणि शेजारच्या शेतामध्ये कमरेएवढा दगडी बांध आहे. ना माती, ना सिमेंट. दगडावर दगड आणि फटींत चिपा. सामाईक बांध पडला की दोन्ही शेतांच्या धन्यांनी आपापल्या बाजूने उभं राहून तो मिळून रचायचा, अशी आमच्या रनाळ्याकडची रीत. आबा, म्हणजे माझे वडील, आणि शेजारचे काका यांची ग्रामपंचायतीच्या निवडणुकीपासून बोलचाल बंद. एकमेकांच्या ओट्यावर पाय ठेवत नाहीत. बांधावर मात्र दोघांना यावंच लागतं.

आणि हा बांध गेल्या वर्षी वरचेवर पडायला लागला. पाऊस नाही, वारा नाही, मग पडतोय कसा? माझ्या मनात पाल चुकचुकली. जाऊन बघितलं तर दगड इकडेतिकडे गडगडलेले नव्हते. मोठे एका बाजूला, चिपांचा ढीग वेगळा. आपोआप पडणारा बांध एवढा शिस्तीचा असतो होय? म्हटलं, इथे पाणी मुरतंय. परत रचताना हातभर आमच्याकडे सरकवायचा काकांचा डाव असणार, दुसरं काय! मी तारेच्या कुंपणाची चौकशी केली आणि डोळ्यांत तेल घालून पाळत ठेवली.

एका सकाळी कपाशीआडून बघते तर बांध उतरवणारे आमचेच आबा. सावकाश, एकेक दगड. माझं डोकंच फिरलं.

"आबा, हे काय चालवलंय? आता तारच लावते मी."

ते खाली बघूनच म्हणाले, "तार लाई का पडत नही. मंग आम्ही भेटसूत कवय?"

मग भेटायचं केव्हा, म्हणे! कुंपण मी थांबवलं, पण काकांवरचा संशय काही जाईना. आबा भोळे. तो माणूस ह्याचा फायदा घेत नसेल कशावरून?

पुढे आबा तापाने अंथरुणाला खिळले. त्याच आठवड्यात काका आमच्या दारात उभे.

"बांध पडना. तुन्हा बाप कोठे शे?"

"पडला कसा?" मी तिरसटपणे विचारलं.

"बैलनी पाडा."

बैल त्यांनी केव्हाच विकले होते. धडधडीत खोटं. मी बघतच राहिले, तशी त्यांनी नजर चुकवली. मला एकदम भरून आलं.

"आबांना ताप आहे," एवढंच बोलले.

आतून आबांचा आवाज आला, "कितला पडना?"

काका चपला काढून आत जात म्हणाले, "भलता पडना. तू पहिले बरा व्हय."