खुनी कोण, ते विसरलेल्या सासूबाई

लोखंडी पुलाच्या मध्यावर सासूबाई थांबल्या. काठी कठड्याला टेकवली आणि खाली कालव्याच्या पाण्याकडे बघत राहिल्या. सुनेनं श्वास रोखला. आठवतंय वाटतं!

"इथून पाण्यात काहीतरी टाकलं होतं," सासूबाई पुटपुटल्या.

"कुणी? त्यानं की तिनं?"

"अगं, तेच तर..." त्यांनी कपाळ चोळलं. "आलं होतं जिभेवर. गेलं."

सुनेनं मनातल्या मनात देवाला हात जोडले. दुसरं काही मागत नाही रे बाबा, एक नाव तेवढं दे.

नाव हवं होतं खुन्याचं. सासूबाईंची रहस्यकादंबरी साप्ताहिकात क्रमशः येत होती. एका घड्याळजीचा त्याच्याच दुकानात खून झालेला. संशय भागीदारावर, कामावरून काढलेल्या कारागिरावर आणि दुकानाच्या माडीवर राहणाऱ्या बहिणीवर. शेवटचं प्रकरण तेवढं उरलं होतं आणि सासूबाईंना अर्धांगाचा झटका आला. हात सावरला, बोलणं सावरलं, घरातल्यांची नावं आठवली. खून कुणी केला, तेवढंच नेमकं पुसलं गेलं.

कुठे लिहून ठेवलं असेल म्हणावं, तर तीही सोय नव्हती. त्याला कारण सासरे.

सासूबाई मूळच्या कोर्टात टायपिस्ट. लोकांच्या जबान्या टाइप करण्यात उमेदीची वर्षं गेली. "खरं बोलणारा अडखळतो गं," त्या म्हणायच्या, "खोटं बोलणारा न विचारलेलं सांगतो, आणि पुन्हा पुन्हा सांगतो." एवढ्या भांडवलावर पहिली कादंबरी लिहून प्रकाशकाकडे नेली. तो म्हणाला, "बाई, फक्कड आहे. पण बाईच्या नावावर खून खपत नाही." मग नवऱ्याचं नाव छापलं आणि ते नाव गाजलं. वाचनालयात सत्कार झाला. हार सासऱ्यांच्या गळ्यात, आणि सासूबाई पहिल्या रांगेत टाळ्या वाजवतायत. पण सासऱ्यांच्या तोंडात तीळ भिजेल तर शपथ. न्हाव्याच्या खुर्चीत बसल्या बसल्या त्यांनी चालू कादंबरीतला खुनी सांगून टाकला, आणि ते गावभर झालं. तेव्हापासून सासूबाईंचा नेम: खुन्याचं नाव कागदावर नाही आणि कुणाच्या कानावर नाही. फक्त डोक्यात.

सासरे गेले, आणि या कादंबरीवर आयुष्यात पहिल्यांदा सासूबाईंचं स्वतःचं नाव आलं. म्हणून तर सुनेचा जीव टांगणीला लागला होता. संपादकांनी सकाळीच फोन केला होता. "आईंना त्रास नको. आमचे एक लेखक आहेत, ते शेवट करून टाकतील. उद्यापर्यंत थांबतो." म्हणजे उद्या लोक म्हणणार, बघा, बाईनं गुंता केला आणि पुरुषानं सोडवला!

आता एकच आशा होती. खुनी ज्या वाटेनं जातो, ती वाट स्वतः चालल्याशिवाय सासूबाई लिहायच्या नाहीत. दुकान, गल्ली, पूल, सगळं घराजवळचंच घ्यायच्या. एरवी सून बरोबर असे. या वेळी ती तापानं पडली होती आणि त्या एकट्याच जाऊन आल्या होत्या. तीच वाट दोघी आज घड्याळाच्या दुकानामागून पुन्हा चालत निघाल्या होत्या.

पूल उतरताना सायकल दुरुस्तीवाला ओरडला, "काय आजी, खुनी सापडला का?"

"सापडला की पाठवते तुझ्याकडे, हवा भरायला!"

सासूबाई हसल्या, पण नजर पुन्हा पाण्याकडे वळली.

छापून आलेल्या प्रकरणांत साक्षीदारांनी रेनकोट घातलेलं कुणीतरी पूल ओलांडून बसस्टँडकडे जाताना पाहिलं होतं. सून सरळ त्याच रस्त्याला लागली. मागून काठीचा आवाज येईना. वळून बघते तर सासूबाई पुलालगतच्या दगडी पायऱ्या उतरतायत!

"आई! पडाल! कुठे निघालात?"

"मला काय माहीत? पाय निघालेत."

सून धावली. मधली एक पायरी तुटलेली होती. तिनं ओरडायला तोंड उघडलं, तोवर सासूबाईंनी खाली न बघताच ती ओलांडली. सुनेच्या अंगावर काटा आला. डोकं विसरलं होतं, पाय विसरले नव्हते.

तिनं गुपचूप मागून त्यांचा पदर धरला. पुढे कालव्याचं पाणी अडवायचं दार, आणि त्यावर वीतभर रुंद भिंत. खाली पाणी घोंघावत होतं. सासूबाईंनी काठी काखेत मारली, कडेची लोखंडी नळी धरली आणि एकेक पाऊल सरकवत निघाल्या. सून देवाचं नाव घेत मागोमाग. एकदा म्हाताऱ्या पायाची चप्पल घसरली. पदरावरची मूठ आवळली गेली.

पलीकडे रंगाऱ्याची बोळ. ओल्या कापडांखालून वाकत दोघी बाहेर पडल्या, आणि समोर घड्याळाच्या दुकानाची मागची भिंत. निघाल्या होत्या तिथेच! सासूबाईंचा हात आपोआप माडीच्या जिन्याच्या कठड्यावर गेला.

सून जागच्या जागी खिळली. म्हणजे खुनी पळून गेलाच नव्हता. सगळ्यांना दिसेल असा पुलावरून गेला आणि खालून गुपचूप परत आला. माडीवर. कादंबरीतली घड्याळजीच्या बहिणीची जबानी सासूबाईंच्या हस्तलिखितावरून सुनेनंच टाइप केली होती. कुणी विचारलं नसताना ती बाई तीन वेळा म्हणाली होती, "माझे गुडघे गेलेत, मला जिना उतरवत नाही."

"आई, कळलं मला! खून..."

सासूबाईंनी झटकन तिच्या तोंडावर हात ठेवला.

"नक्की?"

सुनेनं मान हलवली. "देवाशपथ."

"मला अजून काही आठवत नाहीये." धापा टाकत त्या दगडावर बसल्या, मुद्दाम जिन्याकडे पाठ करून. डोळ्यांत भलतीच चमक होती. "लोक लिहायचे, तुमच्या पुस्तकानं झोप उडवली. मला मेलीला ते सुख कधी मिळालंच नाही. दरवेळी खुनी आधीच ठाऊक."

"पण संपादक..."

"त्यांना सांग, शेवट घरातच होतोय. माझ्या नावाखाली तुझं नाव घालायला लाव, अगदी स्पष्ट. नावांची लपवाछपवी पुरे झाली." त्यांनी सुनेचा हात घट्ट धरला. "आणि एवढं एक ऐक माझं. मी विचारीन, रुसेन, शपथा घालीन. तरी अंक हातात पडेपर्यंत मला खुनी सांगू नकोस."