तपासणीपुरती माही पोरगी

पोरगी झोपेत होती, तवाच मी तिच्या अंगातला फ्रॉक काढला. पाळणाघराच्या मॅडमनं सांगतलं म्हणून काढला.

"लवकर आवर. पालक यायला लागतील आता," मॅडम म्हणाल्या.

फ्रॉक पाळणाघराचा होता. गुलाबी, पाठीमागं नाडी. माह्या पोरीचे कपडे सकाळीच पिशवीत घालून बाहेर चपलांपाशी ठेवले होते. नाडी सोडताना ती जागी झाली. तिले वाटलं मी आंघोळ घालून राह्यली. तिनं दोन्ही हात वर केले. आपणहून.

नुसत्या चड्डीवर तिले घेऊन मी दाराबाहेर आली. तेवढ्यात लिफ्टमधून एक बाई उतरली, आपलं लेकरू न्यायले आलती. तिनं माह्या पोरीकडं पाह्यलं अन् मॅडमले विचारलं, "ही कोण?"

"कोणी नाही," मॅडम म्हणाल्या. "आपल्या कामवालीची आहे."

मी तिथंच होती. खाली बसून पोरीच्या पायात चप्पल घालून राह्यली होती. पट्टा काही केल्या बसे ना. मान वर केली नाही मी. कान तापले, पण मान वर केली नाही.

आमची वस्ती किन्हीराजाच्या पुढं, मालेगाव तालुक्यात. सोयाबीन निघालं का अर्धी वस्ती कामाले बाहेर जाते. त्या वर्षी आमी पुण्याले गेलो, मोठमोठ्या इमारतींच्या कामावर. मी, माहे मालक अन् पोरगी, आरोही. तीन वर्षांची व्हायची होती. मालक सेंट्रिंगवर, मी विटा-रेती वाह्यले. पहिल्या दिवशी पोरीले संगं नेलं. रेतीच्या ढिगाजवळ बसवलं. डंपर मागं येऊन राह्यला होता अन् ती खेळत खेळत त्याच्याच मागं चालली होती. कोणीतरी वरडलं म्हणून वाचली.

मंग मी पाळणाघर पाहत फिरली. जवळच्या झोपडपट्टीत एक बाई लेकरं सांभाळे. गेली तं भर दुपारी अंधाऱ्या खोलीत सारे लेकरं एका रांगीत झोपले होते. एवढे लेकरं, अन् एकही रडत नाही, कुरकुरत नाही. मी विचारलं तं बाई हासली. "खोकल्याचं औषध देते थोडं. शांत राहतात." मी पोरीले घेऊन तशीच माघारी आली. रस्त्यावर एक चांगलं पाळणाघर दिसलं. तिथं वॉचमननं फाटकातच विचारलं, "कोणाकडं काम करते?" मी म्हतलं, कोणाकडं नाही, लेकरू ठेवायचं हाय. त्यानं माह्या पायाकडं पाह्यलं. सिमेंटनं पांढरे झालते. फाटक काही उघडलं नाही.

तवापासून मी पोरीले आमच्या पत्र्याच्या शेडात बांधून कामावर जाऊ लागली. जुन्या लुगड्याचा पट्टा. एक टोक तिच्या कमरेले, एक खांबाले. पाण्यापर्यंत तिचा हात पुरला पाहिजे म्हणून लांब ठेवला. सांगताना अजूनही जीभ जड होते. ढोराले बांधतात तसं बांधलं मी माह्या लेकराले. अन् संध्याकाळी सोडलं का ती हासायची. तेच सहन व्हत नव्हतं.

काही दिवसांनी सुपरवायझरनं मले दुसरं काम लावून देलं. आमच्याच बिल्डरची पहिली इमारत पुरी झालती, लोक राह्यले आले होते. तिच्या खालच्या मजल्यावर पाळणाघर होतं. दारावर पाटी, शासनमान्य, नोंदणीकृत. तिथं झाडू-फरशीले बाई पाहिजे होती.

आत गेली तं मी पाहतच राह्यली. लेकरांच्या उंचीचे नळ. लेकरांच्या उंचीच्या खुर्च्या. दुपारी एकेकाले वेगळी गादी, वेगळी चादर. मी त्याहीचे हात धुतले, शी धुतली, वाट्या घासल्या. अन् माही पोरगी मागच्या भिंतीच्या पल्याड, शेडात, खांबाले. कधी कधी तिचं रडणं आयकू येई. मी नळ मोठा सोडे.

एक दिवस हिंमत करून म्हतलं, "मॅडम, माह्या पोरीले घ्या ना इथं. फी भरते मी. पगारातून कापा."

मॅडम हसल्या. वाईट नाही हसल्या. चांगल्या हसल्या. ते जास्त लागलं.

"काय नाव तिचं?"

"आरोही."

"अरे वा. तुमच्यातही असली नावं ठेवतात का हल्ली?" मंग म्हणाल्या, "फीचा प्रश्न नाही गं. बाकीच्या आयांना मी काय सांगू?"

मी "बरं" म्हतलं. दुसरं काय म्हणणार? बादली उचलली अन् बाथरूम धुवायले गेली. मले राग नाही आला तवा. माहीच लाज वाटली. असं वाटलं, का आपण मागायचं नव्हतं ते मागतलं.

म्हणून एक दिवस मॅडम स्वतः म्हणाल्या, "उद्या आरोहीला घेऊन ये," तवा मी खरं मानलं. "आंघोळ घालून आण. केसांना तेल नको, वास येतो." मी पळतच शेडात आली. मालकाले सांगतलं. ते म्हणाले, "घेतलं म्हणावं एकदाचं." सकाळी मी तिचं अंग घासून घासून लाल केलं. तेल नको म्हणून दोनदा केस धुतले.

तिथं तिले गुलाबी फ्रॉक घातला. गादीवर बसवलं. पिवळी गाडी खेळायले देली, केळाचा शिरा देला. पोरगी बावरली, मंग खेळू लागली. वाटी चाटून पुसून साफ केली तिनं. मी पोछा मारता मारता चोरून पाहत होती. भरून आलं होतं मले.

दुपारी तपासणीवाले आले. एक साहेब, एक मॅडम. संगं बिल्डरचा माणूस. तो म्हणाला, "हे आमच्या बांधकाम कामगारांच्या मुलांसाठी चालवतो आपण. मोफत." माह्या पोरीच्या डोक्यावर हात ठेवला अन् फोटो काढला.

मले आधी उमजलंच नाही. कोणते कामगार? मंग हळूहळू डोक्यात शिरलं. म्हणजे ही जागा आमचीच होती. कागदावर आमच्या लेकरांची होती. ज्या जागेसाठी मी हात जोडून फी देते म्हणत होती, ती आमाले देलेलीच होती. अन् आमचे लेकरं शेडात, रेतीत, खांबाले.

तपासणीवाल्यांची गाडी गेली. मंग फ्रॉक काढला. ते तुमाले सांगतलंच.

पोरीले मात्र काही समजलं नव्हतं. दुसऱ्या दिवशी मी बांधू लागली तं अंग आखडून घेतलं तिनं. "माय, मले तिकडं जायचं. गाडीकडं." मधल्या सुट्टीत मी तिले सोडलं तं ती धावत पाळणाघराच्या काचेच्या दाराशी जाऊन उभी राह्यली. काचेले नाक लावून, तोंड लावून आत पाहू लागली. आतल्या एका लेकरानं तिच्याकडं पाहून हात हालवला.

मॅडमनं मले बोलावलं. "तिला आधी इथून ने. आणि ती काच पूस, डाग दिसतात."

मी पोरीले शेडात नेऊन ठेवलं. फडकं घेऊन आली. काचेवर तिच्या नाकाचा ठसा होता, श्वासाची वाफ होती. खाली दोन इवले हात. मी पुसले. माह्या हातानं पुसले.

मंग पुन्हा तपासणी आली. मॅडम म्हणाल्या, "परवा तिला आण. मागच्यासारखं."

मी मालकाले सांगतलं, मी नाही नेणार. ते म्हणाले, "काहून वं? एक दिवस तरी पोरगी चांगलं खाते."

त्याहीचं काही चुकलं नव्हतं. खरंच होतं ते. पण तेच झोंबलं. लेकराले वर्षातून एक-दोन दिवस चांगलं खायले भेटावं म्हणून आपण लोकाच्या खोट्यात उभं राह्यचं, अन् त्यालेच नशीब म्हणायचं. इथपर्यंत आलो होतो आमी.

नेलं मी पोरीले. पण तिच्याच कपड्यात नेलं. तेल लावून, वेणी घालून. मॅडमनं फ्रॉक पुढं केला.

"राहू द्या," मी म्हतलं.

"अगं, ते आलेत. घाल पटकन."

"नाही घालत."

त्याहीनं माह्याकडं असं पाह्यलं जशी भिंत बोलली. पण तेवढ्यात माणसं दारात आली. या वेळी तपासणीवाल्या मॅडम खाली बसल्या, पोरीच्या गालाले हात लावला अन् विचारलं, "ही रोज येते?"

"हो, रोज," आमच्या मॅडम म्हणाल्या.

माह्या हातात पोछा होता. तो मी बादलीत टाकला.

"नाही येत," मी म्हतलं. "ही माही पोरगी हाय. मी तिले शेडात खांबाले बांधून इथं कामाले येते. कामगाराचं एकबी लेकरू इथं येत नाही. मागं शेड हाय, चला, दाखवते."

मी दार उघडलं अन् पुढं झाली. तपासणीवाल्या मॅडम दारापर्यंत आल्या. बाहेर चिखल होता. त्याहीनं चिखलाकडं पाह्यलं, आपल्या सँडलकडं पाह्यलं, साहेबाकडं पाह्यलं. साहेब म्हणाले, "ठीक आहे, नोंद घेऊ." अन् सारे लिफ्टनं वर, चहाले गेले.

बस. एवढंच झालं. माह्या खऱ्याचं एवढंच झालं.

संध्याकाळी सुपरवायझर शेडात आला अन् आमाले सामान बांधायले सांगतलं. बाजूच्या बाया माह्यावर चिडल्या. "तुह्या एकटीच्या तोंडानं आमचंबी काम जाईन," म्हणाल्या. त्याहीचेही लेकरं तिथंच बांधलेले होते. मालेगाव येईपर्यंत मालक गाडीत तोंड फिरवून बसले. पोरगी माह्या मांडीवर झोपली होती.

लोक समजतात का बोललं म्हणजे मन मोकळं होते. माहं नाही झालं. बांधल्याची लाज हाय, काच पुसल्याची हाय. रात्रंदिस हाय. फक्त एवढं कळलं का "बरं" म्हतल्यानं ती कमी होत नाही. वाढते.

आता पोरगी वस्तीतल्या अंगणवाडीत जाते. सोयाबीन पिवळं पडून राह्यलं. सोंगणी-कापणी झाली का मुकादम माणसं न्यायले येईल. मी घरोघरी जाऊन बायांले सांगतलं, यंदा आधी कामावर लेकरांची खोली हाय का ते विचारायचं, मंग गाडीत पाय ठेवायचा. दोघी हो म्हणाल्या. एक तोंडावर हासली. बाकीच्या आपल्या कामाले लागल्या. मालक म्हणाले, "मी एकटा जाईन मंग."

"जा तुमी," मी म्हतलं.

मुकादमाले मी विचारणार हाय. साऱ्या वस्तीसमोर, मोठ्यानं. खोली कुठं हाय, दार रोज उघडं राह्यते का, लेकरांजवळ कोण बसते. साहेब आल्यावरचं नको सांगू, साहेब गेल्यावरचं सांग. जबाब भेटला नाही तं मी गाडीत बसणार नाही. गाडीपुढून हटणारही नाही. दोघी संगं राह्यल्या तं तिघी. नाही राह्यल्या तं एकटी.