प्रधानजींचा हात

दुपारच्या जेवणानंतर कुमुदताईंना डुलकी लागते ती बसल्याबसल्याच. आजही मांडीवर भाषणाचा कागद आहे, चष्मा नाकाच्या शेंड्याशी आला आहे आणि भिंतीवरच्या घड्याळाचे काटे एकमेकांत मिसळू लागले आहेत. सहा वाजता त्यांना कोल्हापुरातल्या एका सभागृहात उभे राहायचे आहे. त्यांचे आजोबा भार्गवराव हेर्लेकर यांच्या एका मूकपटाचा चार मिनिटांचा तुकडा सापडला आहे. अडतीस वर्षे कर्णबधिर मुलांना ओठ वाचायला शिकवलेल्या नातीने, आजोबा त्यात काय बोलतात, ते लोकांना सांगायचे आहे.

ते त्यांना पहिल्याच खेपेला कळले. अडचण तीच आहे.

राजपुत्र रणात पडल्याची वार्ता घेऊन प्रधान दरबारात येतो आणि रडत रडत राजाच्या गालावरून हात फिरवतो. त्या हाताविषयी जाणकार भरभरून लिहू लागले आहेत. नाटकातून आलेला नट पडद्यावर इतका साधा, इतका माणसासारखा वागलेला त्यांनी पाहिला नव्हता म्हणे. जन्मभर दुय्यम कामे केलेल्या आजोबांच्या वाट्याला आलेले कौतुक ते एवढेच. आणि प्रधानाचे ओठ म्हणतात, "महाराज, मिशी सुटली. हलू नका, दाबतो."

कागदावर कुमुदताईंनी लिहिले आहे, "महाराज, धीर धरा." त्याच ओळीवर त्यांचे डोळे मिटतात.

"कुणाची नक्कल पाठ करतेस गं?"

नटाने आपली भाषणे ज्या कागदावर उतरवून घ्यायची, त्याला नाटकमंडळीत नक्कल म्हणत. हा शब्द वापरणारा माणूस आता घरात उरलेला नाही. कुमुदताई वर पाहतात. त्यांच्या शाळेतला पहिलीचा वर्ग आहे आणि पुढच्या बाकावर गुडघे पोटाशी घेऊन आजोबा, त्यांचे आबा, बसले आहेत. डोक्यावर प्रधानाचे पागोटे, खाली रोजचे धोतर. चेहरा पिवळाधमक रंगवलेला.

"तांबडं लावलं की कॅमेऱ्यात काळं उठतं," आबा खुलासा करतात. "पहिल्या दिवशी मी गाल रंगवून गेलो, तर देवीचे व्रण आल्यासारखा दिसलो."

त्यांचा आवाज खणखणीत आहे. कुमुदताईंना आठवतात ते कुजबुजणारे आबा. घटसर्पाने गळा गेला, नाटक सुटले आणि मग मुक्या चित्रपटांत द्वारपाल, ऋषी, प्रधान अशी कामे मिळत गेली. आबांनी वळून दिलेल्या पुडीतले खारे फुटाणे खात पाच वर्षांची कुमुद त्यांच्या ओठांकडे बघून गोष्टी ऐकत असे.

"आबा, तुमचा आवाज?"

"इकडे परत मिळाला. पण उपयोग काय? इकडे सगळेच गातात, ऐकायला कुणी बसत नाही." ते कागद ओढून घेतात. "'महाराज, धीर धरा.' हे मी म्हणालो?"

"नाही."

"मग?"

"लोक हसतील, आबा."

"किती असतील?"

"दोनशेएक."

"दोनशे," आबा हळूच म्हणतात आणि बाकावरून उठतात.

बाक सरकवायला कुमुदताई हात लावतात, तर लाकूड उन्हाने तापलेले आहे. वर्गाला छप्पर नाही. चहूबाजूंना बांबूंवर पांढऱ्या चादरी ताणल्या आहेत, एक माणूस कॅमेऱ्याचे हँडल फिरवतो आहे आणि खाटेच्या सिंहासनावर राजा बसला आहे. त्याची मिशी एका बाजूने लोंबते आहे.

"तालमीतला पैलवान गडी. घाम असा, की डिंक टिकेना," आबा सांगतात. "ऊन उतरत आलेलं, रीळ संपत आलेलं. थांबलो असतो तर उद्या पुन्हा पहिल्यापासून रडायचं."

"पण तुमच्या डोळ्यांत पाणी होतं. ते खोटं नव्हतं."

"हसू दाबत होतो. महाराज काय म्हणाले, ते वाचलंस का?"

राजाचे ओठ पडद्यावर आजोबांच्या तळव्याआड आहेत. ते कुमुदताईंना कधीच वाचता आले नाहीत.

"म्हणाले, 'परधानजी, दुसरी बाजूबी बघा की.'"

कुमुदताईंना हसू आवरत नाही. आबा मात्र ते हसणे शेवटपर्यंत ऐकून घेतात.

"विनोदी नट होतो मी," ते म्हणतात. "वाक्य टाकलं की पिटातून हशा उठायचा. तो अंगावर घ्यायचा आणि मग पुढचं वाक्य. इथं काय, तर हँडलची खरखर. अकरा चित्रपट केले, कुमुद. कोण कुठं हसलं, मला कधी कळलंच नाही."

"पण त्या हाताचं एवढं कौतुक झालंय. लोक म्हणतील, नुसती मिशीच दाबत होते."

"म्हणू देत. एका हातानं मिशी चिकटवत रडून दाखवा म्हणावं."

चादरी काळ्या पडद्यांसारख्या खाली येतात. आता दोघे अंधाऱ्या, गार विंगेत उभे आहेत आणि पलीकडे माणसे स्थिरस्थावर होत असल्याची कुजबुज आहे. आबांचे हात कागदाशी चाळा करीत आहेत.

"तुम्ही याल सहाला?"

"मागं बसेन. एक लक्षात ठेव. वाक्य टाकलंस की घाई करू नकोस. हशा पुरता येऊ दे, तुझ्यापर्यंत पोचू दे. मग पुढं बोल." आणि ते तिच्या पाठीवर हात ठेवून तिला उजेडात ढकलतात.

शेजारच्या घरात कुकरची शिट्टी होते. सव्वातीन. चष्मा मांडीवर पडला आहे. कुमुदताई खोलीत एकट्याच, मोठ्याने म्हणून पाहतात, "महाराज, मिशी सुटली. हलू नका, दाबतो." वाक्य तोंडात छान बसते. सहाला हेच म्हणायचे आणि कागदाशिवाय, हे त्यांचे तिथल्या तिथे ठरते.

मग मुठीत काहीतरी टोचते म्हणून त्या मूठ उघडतात. भाषणाच्या कागदाची फुटाणेवाल्यासारखी घट्ट पुडी वळलेली आहे. टोक पिळलेले, कड आत खोचलेली. अशी पुडी त्यांना आयुष्यात कधी जमलेली नाही. त्या आत बोट घालून पाहतात. फुटाणा एकही नाही. बोटाच्या टोकाला मीठ मात्र लागते.