हळद लागलेली नोटीस

आज माझा धाकटा भाऊ, माझा तंबी, वकीलबाईंकडून खोटं लिहून घ्यायला निघाला होता, म्हणून हे लिहिते आहे.

तिरुभुवनमला त्याचं घर आहे, पुढच्या खोलीत दोन हातमाग. कर्ज थकलं आणि बँकेने घर लिलावात काढलं. ती विक्री थांबवण्यासाठी आम्ही दाद मागतो आहोत.

लिलावाची नोटीस बँकेने दारावर चिकटवली, ती नेमकी गुरुवारी. शुक्रवारी पहाटे वहिनीने ती ओल्या फडक्याने सोलून काढली आणि दर शुक्रवारसारखी दाराला हळद लावली.

आज कुंभकोणमला वकीलबाईंपुढे भाऊ म्हणाला, "नोटीस मिळालीच नाही, असं लिहा. कागद तर हिने धुऊन टाकला."

"धुतलं दार," वहिनी म्हणाली. "कागद वाळवून पिशवीत ठेवलाय."

"तुला कुणी विचारलं?"

"मी विचारते," मी म्हटलं. "काढ गं तो. आणि तंबी, तू गप्प बस."

वकीलबाईंनी कागद वाचला आणि हसल्या. "चिकटवल्याचा फोटो बँकेकडे असतोच, खोटं तिथेच उघडं पडलं असतं. पण लिलावाआधी तीस दिवस द्यायला हवेत. इथे एकोणीसच आहेत. आपण हेच मांडू."

"अक्का, म्हणजे घर वाचेल?" भावाने मला विचारलं.

ते मला माहीत नाही. पण लढू ते खऱ्यावरच. तुमच्या घरी असा कागद आला, तर तो जपून कोण ठेवतं?

आज वकीलबाईंकडे दिलं: मूळ नोटीस एक, कोपऱ्याला हळदीचा डाग. पोच घेतली. ती वहिनीकडे ठेवायला दिली.