पिराकडं तोंड करून

काल संध्याकाळी वाळवण काढायला गच्चीवर गेले, तर शेजारच्या गच्चीत पार्वतीकाकू ओढ्यापलीकडच्या दर्ग्याकडं तोंड करून हात जोडून उभ्या होत्या. लग्नानंतर बरीच वर्षं मूल नव्हतं, तेव्हा त्या ह्याच पिराला नवस बोलल्या आणि मुलगा झाला. तेव्हापासून दर गुरुवारी मलिदा घेऊन जायच्या. आता त्या मुलाचा मुलगा मोठा झालाय. म्हणतो, "आपला देव नाही तो. जायचं नाही."

"याचा बापच त्या पिरानं दिलेला," काकू हळूच म्हणाल्या. "कसं सांगू गं याला?"

देव बदलता येत असेलही, पण त्याला दिलेला शब्द कुठं नेऊन ठेवायचा?

तेवढ्यात नातू वर आला. "आजी, कुणाला हात जोडतेस?"

"सूर्याला रे."

सूर्य आमच्या पाठीमागं मावळत होता.