‘ची’भोवतीचा लाल गोल

प्रा. सुदाम साळवे यांचे गेल्या डिसेंबरात, एका बुधवारी सकाळी, बीडच्या रुग्णालयात हृदयविकाराने निधन झाले. ते एकोणसाठ वर्षांचे होते. आदल्या शनिवारी त्यांनी माजलगाव तालुक्यातील आपल्या महाविद्यालयात बी.ए.च्या वर्गाला अर्थशास्त्राचा तास घेतला होता. विषय होता मध्यवर्ती बँकेची स्वायत्तता.

हा विषय त्यांनी बावीस वर्षे शिकवला आणि ती सगळी वर्षे ते तासिका तत्त्वावर होते. म्हणजे दर जूनला नवा अर्ज, नवी मुलाखत आणि संस्थेच्या अध्यक्षांच्या सहीचे एका वर्षापुरते नवे नियुक्तिपत्र. दिंद्रुडहून ते स्कूटरवर येत. अर्ज हाताने लिहिलेला असे आणि दरवर्षी नव्याने लिहिलेला असे. मागच्या वर्षाची प्रत काढून तारीख बदलणे त्यांना मान्य नव्हते.

विद्यार्थी त्यांना ‘षष्ठी सर’ म्हणत. मीही त्यांपैकी एक. मध्यवर्ती बँक ही सरकारची बँक असते, असे वाक्य पुस्तकात होते. ते उत्तरपत्रिकेत आले की साळवे सर त्यातल्या ‘ची’भोवती लाल गोल काढत आणि समासात लिहीत : कोणत्या अर्थाने? सरकारचे व्यवहार सांभाळते, या अर्थाने असेल तर गुण. सरकार सांगेल ते करते, या अर्थाने असेल तर शून्य. षष्ठी विभक्ती मराठीच्या शिक्षकांनी शिकवली होती, पण ती आम्हाला कळली अर्थशास्त्राच्या तासाला.

वर्गात ते धरणाचे उदाहरण देत. माजलगावचे धरण सगळ्यांनी पाहिलेले होते. “इलेक्शनच्या तोंडावर धरणाचं दार उघडायला सांगणारे लई असतेत,” ते म्हणत. “टाळ्या बी पडतेत. पण मे महिन्यात हंडा घिऊन हुबी ऱ्हाती ती टाळ्या वाजवणारी नसती. म्हणून दाराची चावी इलेक्शन लढवणाऱ्याच्या खिशात नसावी.” मग फळ्यावर ‘पाणी’ पुसून तिथे ‘पैसा’ लिहीत, ‘चावी’ पुसून ‘व्याजदर’. उरलेला तास तेवढ्यावर चाले.

एकदा कोणीतरी विचारले, गव्हर्नरला सरकार काढू शकते का? ते खोटे बोलले नाहीत. कायद्याने काढता येते, म्हणाले. वर्ग हसला. मागच्या बाकावरून एक आवाज आला की मग कसली स्वायत्तता, सर? ते खडू ठेवून टेबलाला टेकले.

“काढता येतंय, अन् तरी काढत न्हाईत. त्या दोन्हीच्या मधी जी जागा हाय ना, तिला स्वायत्तता म्हणायचं. कागदावर ती येवढुशी असती. बाकीची मानसं सांभाळत असतेत.”

पुढे मी बीडच्या एका दैनिकात रुजू झालो. एके दिवशी घाईत मथळा दिला : सरकारने व्याजदर घटवले. दुसऱ्या दिवशी सकाळी सर कार्यालयात हजर. हातात कात्रण आणि ‘सरकारने’ या शब्दाभोवती लाल गोल. रागावले नाहीत. चहा घेतला, माझ्या आईची चौकशी केली आणि निघताना म्हणाले, “बाळ्या, बातमीचा कर्ता चुकलाय.” तिसऱ्या दिवशी आम्ही चार ओळींची दुरुस्ती छापली.

त्यांच्यावर प्रसंग आला तो सहा वर्षांपूर्वी. महाविद्यालयात अर्थशास्त्राची एक कायम जागा निघाली होती. मुलाखत शुक्रवारी होती. सरांच्या पत्नी सुमनबाई अंगणवाडी सेविका आहेत. रुजू व्हायच्या दिवसासाठी त्यांनी एक निळा शर्ट आणून कपाटात ठेवला होता. त्याच आठवड्यात बी.ए.च्या चाचणीच्या उत्तरपत्रिका वाटल्या गेल्या. संस्थेचे अध्यक्ष, ज्यांना सगळे आबा म्हणतात, त्यांची मुलगी ऋतुजा त्या वर्गात होती. बँक सरकारची असल्यामुळे सरकार सांगेल तसा व्याजदर ठरवते, असे तिने लिहिले होते. त्या प्रश्नाला पाचपैकी शून्य मिळाले होते.

सोमवारी आबांनी सरांना बोलावले. कार्यालयातील लिपिक हमीदभाई सह्या घेण्यासाठी तिथेच उभे होते. पुढचे त्यांनी सांगितलेले आहे. आबांनी आधी बसायला सांगितले, शुक्रवारच्या मुलाखतीची आठवण दिली, मग उत्तरपत्रिका पुढे सरकवली. पोरीचे बरोबरच आहे, टीव्हीवरही असेच सांगतात, असे त्यांचे म्हणणे होते.

“आबा, तुमचा डॉक्टर तुमचाच हाय ना?” सरांनी विचारले. “मग शुगर किती लिहायची ते तुमी सांगता का त्याला?”

हमीदभाईंनी फायलीत मान घातली. आबांना दहा वर्षांपासून मधुमेह होता.

“अन् तुमी कुणाचे, सर?” आबा म्हणाले.

“संस्थेचा. षष्ठीच हाय ती बी. पण षष्ठी मालकीची बी असती आन् नात्याची बी असती, आबा.”

ते नमस्कार करून उठले. शून्य तसेच राहिले. दुसऱ्या दिवशी ऋतुजा स्वतः त्यांच्याकडे आली आणि आपले काय चुकले ते विचारले. सरांनी जिन्यावर उभ्याउभ्या तिला अर्धा तास धरण समजावून सांगितले. तिने उत्तर पुन्हा लिहून आणले. सरांनी ते वाचले, बरोबर आहे म्हणाले आणि सांगितले की गुण मात्र पहिल्याचेच राहतील.

शुक्रवारी मुलाखत झाली. जागा बाहेरगावच्या एका उमेदवाराला मिळाली. सरांनी घरी फक्त “न्हाई झालं” एवढे सांगितले, असे सुमनबाई म्हणाल्या. जूनमध्ये त्यांनी नेहमीसारखा अर्ज लिहिला. या वेळी तो परत येणार, असे सगळ्यांनी धरले होते. हमीदभाईंनी तो आबांच्या पुढे ठेवला आणि काय करायचे ते विचारले. आबांनी अर्ज दोनदा वाचला.

“काढता येतंय की,” ते म्हणाले. “म्हणून काढावंच का?” आणि नियुक्तिपत्रावर सही केली.

सरांचे वर्गातले हे वाक्य आबांच्या घरी कसे पोहोचले, हे मी कधी विचारले नाही. आबा काय म्हणाले ते सरांना मात्र हमीदभाईंनी सांगितले. दुसऱ्या दिवशी सर निळा शर्ट घालून तासाला आले. सुमनबाईंनी अडवले होते, तो रुजू व्हायचा शर्ट आहे म्हणून. ते म्हणाले होते, “रुजू व्हायलाच चाललोय.”

त्यानंतर आबांनी दर जूनला सही केली. कायम जागा पुन्हा निघाली नाही.

पुण्यानुमोदनाचा कार्यक्रम दिंद्रुडला झाला. आबा आले होते, मागच्या रांगेत बसले. ऋतुजाही आली होती. ती आता एका शाळेत शिकवते. ती सुमनबाईंजवळ बसून राहिली.

महाविद्यालयाच्या सूचना फलकावर आबांच्या सहीने शोकसंदेश लागला. पहिली ओळ होती : आपल्या महाविद्यालयाचे प्राध्यापक सुदाम साळवे यांचे दुःखद निधन झाले. तासिका तत्त्वाचा उल्लेख नव्हता. दुसऱ्या दिवशी सकाळी ‘महाविद्यालयाचे’ या शब्दातल्या ‘चे’भोवती लाल गोल काढलेला आढळला. समासात काही लिहिलेले नव्हते. गोल कोणी काढला ते समजले नाही. हमीदभाईंच्या मते, तो सरांच्या बावीस वर्षांच्या विद्यार्थ्यांपैकी कोणीही काढलेला असू शकतो.

नवी प्रत लावू का, असे त्यांनी आबांना विचारले. आबा फलकापाशी गेले, चष्मा लावून पाहिले आणि राहू द्या म्हणाले.

मी गेल्या सोमवारी महाविद्यालयात गेलो होतो. कागद अजून फलकावर आहे.