कमानीवरची कोरी ओळ

स्वतंत्र कलादिग्दर्शनाचं माझं पहिलं काम आमच्याच औरंगाबादेत आलं, तेव्हा माझा मोठा भाऊ विद्यापीठाच्या नामांतराच्या सत्याग्रहात अटक होऊन तुरुंगात होता. सिनेमा कॉलेजातल्या प्रेमाचा. दौलताबादजवळच्या मोकळ्या रानात मला विद्यापीठाची कमान उभी करायची होती.

खुलताबादहून आलेल्या सुतारचाचांनी प्लायवूडची कमान अशी बेमालूम केली की येणारे-जाणारे सायकल थांबवून हात लावून बघायचे. पाटी दोन ओळींची होती. मी दिग्दर्शकांना विचारलं, "सर, नाव कुठलं लिहू?"

"नुसतं 'विद्यापीठ' लिही. थेटरं फोडून घ्यायचीत का?"

मी खालच्या ओळीत तेवढंच लिहिलं. वरची ओळ कोरी राहिली.

भावाला भेटून परतताना आई सेटवर आली. बराच वेळ कमानीकडं बघत राहिली.

"वरची जागा कशाला ठेवली गं?"

"नाव लिहायचं नाय म्हणालेत."

"पोरगं त्या नावापायी आत बसलंय, अन् तू हितं जागा राखीत बसली व्हय?" एवढं बोलून ती बस गाठायला निघून गेली.

दुसऱ्या दिवशी दिग्दर्शकांनी कॅमेऱ्यातून पाहिलं. "ती मोकळी जागा डोळ्यात खुपतेय. वरून बोगनवेल सोड, झाकून टाक."

कागदी फुलं अन् तार घेऊन मी शिडीवर चढले. आजवर किती भिंतींचे पोपडे मी असेच झाकले होते. पण त्या दिवशी हात उचलेना. खाली उतरले.

"सर, नाव लिहायचं नसेल तर जागा तशीच राहू द्या. मी झाकणार नाही."

"तुझा भाऊ त्यात आहे म्हणून?"

"व्हय," मी म्हणाले. मुंबईत कमावलेली भाषा कुठल्या कुठं गेली.

वेल दुसऱ्या कुणीतरी सोडली. श्रेयनामावलीतून माझं नाव गेलं आणि मुंबईहून बोलावणीही थांबली. वाळूजला नवे कारखाने येत होते. तिथं 'धोका', 'हेल्मेट वापरा' असल्या पाट्या रंगवून मी घर चालवलं.

भाऊ सुटून आला. सगळं ऐकून म्हणाला, "टाकायची होतीस वेल. घरातल्या एकाचं तरी नीट चाललं असतं."

मी ताटावरून उठले. पुढं काही वर्षांनी पुन्हा पुष्कळ सिनेमे मिळाले, पण भावावरचा तो राग पुरता कधी गेला नाही.